मियोशीसाहेब हयात आहेत

सुमिएला फक्त पत्रं बंद करायची होती. नवरा बंद करण्याचा तिचा मुळीच विचार नव्हता.

हे सुरुवातीलाच स्पष्ट केलेलं बरं. कारण त्या डिसेंबरात ताकामात्सुमधल्या बऱ्याच लोकांनी तिच्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, त्या नजरेत आधी कणव होती आणि नंतर संशय.

पत्रं म्हणजे नववर्षाची. नेंगाजो. एक जानेवारीच्या सकाळी ती गठ्ठ्यानं दारात पडतात, आणि त्याच सकाळी पडावीत म्हणून अख्खा डिसेंबर त्यांच्यापायी जातो. ज्याला आपण घातलं त्याचं आलं नाही, तर वर्षभर मनात राहतं. ज्याला घातलं नाही त्याचं आलं, तर सणाचं जेवण अर्धवट टाकून पोस्टाच्या पेटीकडे पळावं लागतं. ही देवाणघेवाण बऱ्याच जणांना मनातून नकोशी झालेली असते. पण एकदा गती मिळाली की ती आपली आपण थांबत नाही, कारण जो आधी थांबेल तो उद्धट ठरतो.

सुमिएचा उजवा अंगठा मात्र थांबायच्या बेतात होता. जन्मभर औषधांच्या दुकानात तिनं बारीक अक्षरात चिठ्ठ्या लिहिल्या होत्या. आता साधं संत्रं सोलतानाही अंगठ्यातून कळ मनगटापर्यंत जायची. डॉक्टर म्हणाले, "लिहिणं बंद करा." सुमिए म्हणाली, "नोव्हेंबर आलाय." डॉक्टरांनी सुस्कारा सोडला. त्यांचीही पत्रं लिहायची राहिली होती.

घरातली सगळी पत्रं सुमिएच लिहायची. स्वतःच्या नातेवाइकांना, नवऱ्याच्या नातेवाइकांना, आणि नवरा ज्या बोटींच्या कंपनीत वेळापत्रकं आखायचा तिथल्या तमाम साहेबांना, कारकुनांना आणि निवृत्त खलाशांना. छापील मजकूर छापील असतो. पण त्याखाली हातानं एक ओळ लिहिली नाही तर पत्र थंड वाटतं, म्हणून प्रत्येकाला एकेक ओळ. कात्सुहिकोचं, म्हणजे तिच्या नवऱ्याचं, काम आलेली पत्रं वाचण्याचं. ते तो मनापासून करायचा. "कावानिशीचं अक्षर उतरलंय," असं काहीतरी म्हणायचा आणि चहा मागायचा.

"यंदापासून मी पत्रं बंद करतेय," सुमिएनं जाहीर केलं.

"कर की," वर्तमानपत्राआडून कात्सुहिको म्हणाला. "माझी तेवढी घाल म्हणजे झालं."

समोरच्या मानाबेबाई गल्लीच्या मंडळाच्या त्या वर्षीच्या प्रमुख होत्या. प्रमुख नसत्या तरी त्यांनी सल्ला दिलाच असता. "हल्ली बरेच जण बंद करतात हो," त्या म्हणाल्या. "पण त्याची एक रीत आहे. यंदाचं पत्र नेहमीसारखं घालायचं आणि त्यातच खाली लिहायचं, की हे शेवटचं. कसं गोड वाटतं."

सुमिएला ते पटेना. एक जानेवारीला आपलं शेवटचं पत्र पडणार, तेव्हा समोरच्यानं त्याचं लिहून, घालून झालेलं असणार. म्हणजे आपण त्याचा त्रास वाचवला नाही. शिवाय आपलाही एक डिसेंबर गेलाच. कळवायचं तर नोव्हेंबरातच कळवायला हवं. हिशेब बिनचूक होता. सुमिएचे हिशेब बिनचूकच असायचे, आणि त्यामुळेच घरात कोणी ते तपासत नसे.

एकच गोष्ट अडली. नोव्हेंबरात एकाच प्रकारची पत्रं जातात, सुतकाची. घरात कोणी गेलं असेल तर त्या वर्षी शुभेच्छा द्यायच्या-घ्यायच्या नसतात. म्हणून आधीच एक राखी किनारीचं पत्र घालून कळवायचं, की यंदा आमच्याकडून नववर्षाचं पत्र येणार नाही. छपाईच्या दुकानात त्यामुळे दोनच वह्या होत्या नमुन्यांच्या. एका वहीत उड्या मारणारे घोडे होते, कारण बारा प्राण्यांच्या चक्रात येणारं वर्ष घोड्याचं. दुसरीत राखी किनारी आणि फिकट फुलं.

"आपण बंद करतोय म्हणून सांगायचं आणि वर घोडा उड्या मारणार, हे बरं दिसत नाही," सुमिए स्वतःशीच म्हणाली, आणि तिनं राखीपैकी सगळ्यात सौम्य नमुना निवडला. मजकूर स्वतः लिहिला. पुढील वर्षापासून आम्ही नववर्षाचे पत्र पाठवणार नाही. आजवर माझ्या पतींवर आणि माझ्यावर आपण जो लोभ ठेवलात, त्याबद्दल मनापासून आभार. आपणही कृपया आमच्यासाठी तसदी घेऊ नये.

"खाली नाव कोणाचं?" दुकानातल्या मुलीनं आवाज एकदम खाली आणून विचारलं.

"माझं एकटीचं. जन्मभर मीच तर लिहिलीत."

मुलीनं मान लववली. जरा जास्तच खाली लववली, पण सुमिएच्या ते लक्षात आलं नाही.

मजकुरात कोणी वारल्याचा शब्दसुद्धा नव्हता. सुमिएची चूक एवढीच, की लोक मजकूर वाचतात असं तिनं गृहीत धरलं. वास्तविक तिनं स्वतः आयुष्यात कधीही राखी किनारीचं पत्र पहिल्या ओळीपुढे वाचलं नव्हतं. ते वाचायचं नसतंच. किनार दिसली की "अरेरे" म्हणायचं आणि त्या घराच्या नावावर काट मारायची.

पेटीत पत्रं टाकताना तिचा हात एकदाच थांबला. हातात हात्सुयोचं पत्र होतं.

हात्सुयो आणि ती सेन्दाईला औषधशास्त्र शिकताना एका खोलीत राहायच्या. शिक्षण संपलं आणि हात्सुयो पार उत्तरेला आओमोरीला सफरचंदांच्या बागवाल्याकडे दिली गेली. सुमिएच्या लग्नाला आली होती, तीच शेवटची भेट. तेव्हापासून दरवर्षी एक जानेवारीला तिचं पत्र यायचं, आणि खाली हातानं एकच ओळ असायची: 'या वर्षी नक्की भेटू.' सुमिएही तेच लिहायची. पुढे जागा उरली तर आणखी एखादं वाक्य. फोन नाही, येणं-जाणं नाही. आओमोरी आणि ताकामात्सुमध्ये अख्खा देश आडवा पडलेला आणि दोन्हीकडे घरचे व्याप. पत्र बंद म्हणजे हात्सुयो बंद, हे सुमिएला त्या पेटीसमोर स्वच्छ दिसलं.

पण एकीला वगळलं तर मग कावानिशींना का नाही? नणंदेला का नाही? एक अपवाद केला की नियम संपतो. तिनं डोळे मिटून पत्र सोडलं. ते आत पडल्याचा आवाज आला, आणि त्याच क्षणी तिला कळलं की अपवाद करायला हवा होता.

ती थेट टपाल कचेरीत गेली. खिडकीतला कारकून अतिशय नम्र होता. पत्र परत मिळतं, तो म्हणाला, अर्ज करावा लागतो. पत्त्यावरचं अक्षर आपलंच आहे हे दाखवण्यासाठी इथे तसाच पत्ता लिहून दाखवावा लागतो. सुमिएनं लिहून दाखवला. कारकुनानं तो निरखून पाहिला. "आणि पत्र कशा प्रकारचं होतं?"

"राखी किनारीचं."

कारकून उभा राहिला आणि त्यानं वाकून नमस्कार केला. "आपल्या दुःखात सहभागी आहोत. पण बाई, सुतकाची पत्रं आम्ही जराही थांबवून ठेवत नाही. पेटी आत्ताच उघडली. ती गाडी चाललीय बघा."

काचेतून लाल गाडी वळणावर दिसेनाशी होताना दिसली.

पहिली उदबत्त्यांची पेटी आली ती कंपनीतल्या कावानिशींकडून. चंदनाची, जांभळ्या कागदात गुंडाळलेली, सुतकाच्या घरी पाठवतात तशी. सोबत चिठ्ठी होती: 'मियोशीसाहेबांच्या जाण्यानं धक्का बसला. वेळेचा पक्का माणूस.'

कात्सुहिकोनं चिठ्ठी दोनदा वाचली. "मी कुठे गेलो?"

सुमिएनं चिठ्ठी घेतली, मग उरलेलं राखी पत्र काढून समोर धरलं, आणि पहिल्यांदाच ते दुसऱ्याच्या नजरेनं पाहिलं. नोव्हेंबर. राखी किनार. फिकट कमळ. खाली बायकोचं एकटीचं नाव. तिनं डोक्याला हात लावला.

"अहो," ती म्हणाली, "मला वाटतं माझ्या हातून तुम्ही गेलात."

त्या दिवसापासून पेट्या येतच राहिल्या. चंदन, केवडा, धूर कमी येणारी खास जात. मेलेल्याचं नाव पत्रात नव्हतं याचं कोणालाच आश्चर्य वाटलं नाही. दुःखात लिहायचं राहिलं असेल बिचारीचं, असं सर्वांनी समजून घेतलं. समजूतदार माणसांच्या देशात गैरसमज दूर करणं फार कठीण जातं.

मानाबेबाई उकडलेला भोपळा घेऊन आल्या आणि पायऱ्यांवरच थबकल्या. "मी सोमवारी यांना कचरा टाकताना पाहिलं," त्या कुजबुजल्या. "तेव्हापासून विचार करतेय, मग गेलं कोण?"

सुमिएनं सांगितलं. मानाबेबाईंनी भोपळा ठेवला आणि खाली बसल्या. "तरी मी म्हटलं होतं, रीत असते."

"आता या पेट्यांचं काय करू? परत पाठवू का?"

"काय बोलताय! उदबत्ती परत पाठवायची म्हणजे, आमच्याकडे नाही, तुमच्याकडे कोणी गेलं तर वापरा, असा अर्थ होतो."

"मग ठेवून देते."

"जिवंत माणसाच्या घरात त्याच्याच नावाची? नको गं बाई."

"फेकू?"

मानाबेबाईंनी डोळे वटारले.  शेवटी असं ठरलं की दिवंगत सासू-सासऱ्यांच्या तसबिरी असलेल्या देव्हाऱ्यापुढे त्या रोज लावून संपवायच्या. सुमिए सकाळ-संध्याकाळ जुडगेच्या जुडगे पेटवू लागली. घराचे पडदे, पांघरुणं, भाताचं भांडं, सगळ्यांना चंदनाचा वास आला. तो गल्लीच्या टोकापर्यंत जाऊ लागला, आणि ज्यांना पत्र गेलंच नव्हतं त्यांनाही मियोशींकडे काहीतरी झाल्याचं कळलं. सामान पोचवणारा मुलगा पेटी देताना टोपी काढू लागला. कात्सुहिको दार उघडायला गेला तर तो म्हणायचा, "धीर धरा, काका."

सुमिएनं फोन करून पाहिले. कावानिशीबाई म्हणाल्या, "हो ना, सुमिएबाई. आमच्यासाठीही ते जिवंतच आहेत."

"तसं नाही हो, खरंच जिवंत आहेत. इथे बसलेत. भोपळा खातायत."

पलीकडून हुंदका ऐकू आला. मग प्रश्न: "त्यांना आवडायचा ना?"

"घ्या, तुम्हीच बोला," म्हणून सुमिएनं फोन नवऱ्याच्या हातात दिला. कात्सुहिको घसा खाकरून म्हणाला, "मी मियोशी." पलीकडून एक किंकाळी आली आणि फोन बंद झाला. त्यानंतर त्यानं फोनवर बोलायचं नाकारलं.

त्याला मरणापेक्षा चिठ्ठ्यांचं दुःख जास्त होतं. संध्याकाळी कोतात्सुत, म्हणजे पांघरूण घातलेल्या त्या ऊबदार बुटक्या मेजात, पाय घालून तो त्या चिठ्ठ्या ओळीनं मांडायचा. 'वेळेचा पक्का.' 'शिस्तप्रिय.' 'वेळापत्रकात कधी चूक नाही.' 'वक्तशीर.'

"घड्याळ बंद पडलं तरी याहून बरं लिहितील," तो म्हणाला.

"लोकांना सुचत नाही अशा वेळी."

"जन्मभर नोकरी केली. एक माणूस 'चांगला होता' म्हणत नाही. एक!"

सुमिएनं चिठ्ठ्या गोळा करून पेटीत ठेवल्या. तिचं लक्ष टपालाच्या आवाजाकडे असायचं. सगळ्यांच्या चिठ्ठ्या आल्या. नणंदेची आली, दुकानातल्या जुन्या मुलींची आली. ज्यांना तिनं कधी पत्र घातलं नव्हतं त्यांचीही आली. हात्सुयोची आली नाही.

म्हणजे एकटीनंच मजकूर नीट वाचला असेल, सुमिएनं स्वतःला समजावलं. वाचला असेल, 'तसदी घेऊ नये' हेही वाचलं असेल, आणि तसदी घेतली नसेल. सरळ तर होतं. तरी टपालवाल्याची गाडी पुढच्या घराकडे गेली की ती उगाच दोन मिनिटं दारात उभी राहायची.

मग कात्सुहिको गोच्या मंडळात गेला.

काळ्या-पांढऱ्या सोंगट्यांचा हा खेळ तो निवृत्तीपासून आठवड्यातून दोनदा तिथे खेळायचा. मंडळाच्या भिंतीवर सभासदांच्या नावाच्या लाकडी पट्ट्या टांगलेल्या असतात. त्याची पट्टी नव्हती. तिथे कोणा एनोकीची होती.

"आपण गेल्याचं कळलं," सचिव अवघडून म्हणाले, "आणि यादीत बरेच जण थांबलेले. नियमाप्रमाणे मृत सभासदाची जागा ताबडतोब भरावी लागते."

"पण मी मेलेलो नाही!"

"ते दिसतंय, साहेब. आनंदच आहे. पण मृत सभासद परत आल्यास काय करावं, याची नियमात तरतूद नाही. तुम्ही नवीन सभासद म्हणून अर्ज करा. दोन जुन्या सभासदांची शिफारस, आणि नगरपालिकेतून कुटुंबनोंदीचा उतारा. त्यात तुम्ही हयात असल्याचं दिसेल."

"तुम्हाला समोर दिसतोय ना मी?"

"मला दिसून काय उपयोग? समितीला दिसायला हवं."

"माझी पट्टी तरी द्या."

सचिवांनी नजर चुकवली. "ती आम्ही देवळात रीतसर जाळली. मंत्र म्हणून. छान झाला विधी."

कात्सुहिको घरी आला. कोट काढला, देव्हाऱ्यासमोर बसला आणि आईवडिलांच्या तसबिरींकडे बघत राहिला, जणू आत सरकायला जागा आहे का ते पाहत होता. सुमिएला पहिल्यांदा भीती वाटली.

"यावर उपाय एकच," मानाबेबाई म्हणाल्या. यावेळी भाजलेली रताळी होती. "सुतकातला माणूस नववर्षाचं पत्र घालत नाही. म्हणजे ज्याच्याकडून नववर्षाचं पत्र आलं, त्याच्या घरी सुतक नाही. सगळ्यांना घाला. दोघांचा फोटो टाकून घाला. एक जानेवारीला एकदम सगळ्यांना कळेल."

सुमिएनं ते मनात पुन्हा तपासून पाहिलं. युक्तिवादात कुठेही चूक सापडत नव्हती. "सगळ्यांना?"

"सगळ्यांना. आणि ज्यांनी उदबत्त्या पाठवल्या त्यांनाही. आणि गल्लीत ज्यांना वासावरून कळलं त्यांनाही टाकाच एकेक. आणि हो, हातानं एक ओळ हवी हां. नुसता फोटो थंड वाटतो."

फोटो घ्यायला छपाईच्या दुकानातलीच मुलगी. कात्सुहिको काळा कोट घालून ताठ बसला. मुलीनं पडद्यावर पाहिलं आणि कचरली. "आजी, हा अगदी... तसा आलाय."

खरंच तसा आला होता. चौकट लावून हार घालायचा तेवढा बाकी.

"हसा जरा," सुमिए म्हणाली.

"कशावर?"

मानाबेबाई सोबत आल्याच होत्या. "त्यांच्या हातात आजचं वर्तमानपत्र द्या. तारीख दिसेल. पुरावा."

"मी काय पळवून नेलेला माणूस आहे?" कात्सुहिको कडाडला, आणि त्या क्षणी तो बऱ्याच दिवसांत पहिल्यांदा जिवंत दिसला. पण मुलीनं तेव्हा बटण दाबलं नाही. शेवटी मासळीबाजारातून सणाला लागणारा, 'ताई' जातीचा भलामोठा तांबडा मासा आणला आणि तो दोघांनी दोन बाजूंनी धरला. फोटोत मासा सगळ्यात उत्साही दिसत होता. त्याच्यानंतर सुमिए. कात्सुहिकोचा क्रमांक तिसरा असला, तरी तो आडवा नव्हता, हे महत्त्वाचं.

अशा रीतीनं, पत्रं बंद करण्याच्या वर्षी, सुमिएनं आयुष्यातली सर्वाधिक पत्रं लिहिली. अंगठ्याला पट्टी बांधून, पेन पहिल्या दोन बोटांत धरून. 'क्षमस्व. पती ठणठणीत आहेत.' 'क्षमस्व. उदबत्त्या उत्तम होत्या.' कात्सुहिको शेजारी बसून तिकिटं चिकटवत होता. लग्नानंतर प्रथमच. वाकडी चिकटवत होता, पण ती बोलली नाही.

हात्सुयोचं पत्र शेवटी राहिलं. तिला काय लिहायचं? तिनं चौकशीही केली नव्हती. सुमिए पेन धरून बसली. अभिमान दुखावला होता, हे कबूल करायलाही अंगात त्राण नव्हतं. मग हातानं आपली आपण एक ओळ लिहिली आणि तिनं ते पत्र गठ्ठ्याच्या मधोमध सरकवलं, स्वतःला दिसणार नाही असं. सगळी पत्रं पेटीत पडली, आणि एक जानेवारीपर्यंत कात्सुहिको मियोशी अधिकृतरीत्या मृतच राहिला.

एकतीस डिसेंबरच्या दुपारी दार वाजलं. सुमिएचे हात मोचीच्या, म्हणजे तांदळाच्या चिकट गोळ्यांच्या, पिठात होते. इतर ठिकाणी नववर्षाच्या रश्शात साध्या मोची घालतात. ताकामात्सुत त्यांच्या पोटात गोड पुरण हवं, आणि ते भरताना हात सोडवता येत नाहीत. "अहो, बघा जरा!"

कात्सुहिको नाइलाजानं उठला.

दारात एक म्हातारी बाई उभी होती. काळा पोशाख, काळी पिशवी, हातात मोत्यांची जपमाळ, पायाशी सफरचंदांचं खोकं. तिनं इतकं खाली वाकून नमस्कार केला की बराच वेळ नुसते पांढरे केसच दिसत होते.

"उशीर झाला यायला. क्षमा करा. आपण... त्यांचे भाऊ का?"

गेला महिनाभर कात्सुहिको लोकांना समजावत होता. समजावण्यापेक्षा मान हलवणं सोपं, हे त्याला कळून चुकलं होतं. त्यानं मान हलवली.

"तोंडावळा सारखाच आहे. मी त्यांना एकदाच पाहिलं, लग्नात. पण माणूस म्हणून चांगले ओळखते हं. फार चांगला माणूस होता."

कात्सुहिकोचा दाराच्या कडीवरचा हात तसाच राहिला. "काय म्हणालात?"

"फार चांगला होता. सुमी दरवर्षी पत्रात त्यांच्याबद्दल एखादं वाक्य लिहायची. एका वर्षी तुफान आलं, तर तिला दुकानातून आणायला गुडघाभर पाण्यातून गेले. छत्री विसरले, पण गेले. ती म्हणाली तिचा लोणच्याचा मुळा बिघडलाय, तर हे महिनाभर मुकाट खात होते. तिची आई आजारी होती तेव्हा म्हातारीला रोज बोटींच्या वेळा वाचून दाखवायचे. तिला समुद्र आवडायचा म्हणून. हे सगळं तुम्हाला ठाऊकच असेल म्हणा."

"नाही," कात्सुहिको म्हणाला.  "म्हणजे, तिनं लिहिलंय हे ठाऊक नव्हतं."

"कोण आलंय हो?" पिठाचे हात पुढे धरून सुमिए बाहेर आली आणि जिथल्या तिथे उभी राहिली.

दोन म्हाताऱ्या एकमेकींकडे बघत राहिल्या. पहिल्या क्षणी कोणालाच कोणी ओळखू येईना. मग हात्सुयो रडू लागली. "सुमी गं, कशी एकटी पडलीस!"

"हात्सु," सुमिए कशीबशी म्हणाली, "हे भाऊ नव्हेत. हेच ते."

हात्सुयोनं डोळे पुसले. कात्सुहिकोकडे पाहिलं, मग सुमिएकडे, मग पुन्हा कात्सुहिकोकडे. "हेच ते कोण?"

"मीच," कात्सुहिको म्हणाला. "गुडघाभर पाण्यातला."

हात्सुयो सफरचंदांच्या खोक्यावर बसली. सगळं ऐकून घेईपर्यंत ती तिथून हलली नाही. "म्हणजे," शेवटी ती म्हणाली, "मी विमान बदललं, गाडी बदलली, या वयात समुद्रावरच्या त्या लांबलचक पुलावरून आले, आणि इथे मेलेलं कोणीच नाही?"

"कोणीच नाही," सुमिए ओशाळून म्हणाली.

"निदान पाणी तरी दे मग."

कोतात्सुत पाय घातल्यावर सुमिएनं न राहवून विचारलं. "दोन ओळी तरी टाकायच्यास. सगळ्यांच्या चिठ्ठ्या आल्या."

"लिहायला बसले की. बागेतली शेवटची तोडणी उरकली आणि बसले. पण इतकी वर्षं एकच वाक्य लिहीत आलेय तुला. हात सवयीनं तेच लिहून गेला, 'या वर्षी नक्की भेटू.' फाडलं. पुन्हा बसले, पुन्हा तेच. सुतकाच्या घरी असं लिहितात का? मग म्हटलं, लिहायलाच येत नाही, तर जाऊन यावं." तिनं पायावरचं पांघरूण ओढून घेतलं. "नववर्षाला माणूस लिहितो गं. मरणाला जावंच लागतं."

 समोर टोपलीत संत्री होती. सुमिएनं सवयीनं एक उचललं, अंगठा लावला आणि खाली ठेवलं. हात्सुयोनं तिच्याकडे न बघता ते संत्रं ओढलं, सोललं, फोडी सुट्या केल्या आणि तिच्यापुढे ठेवल्या.

एक जानेवारीच्या सकाळी टपालाची लाल गाडी मियोशींच्या दारावरून न थांबता गेली. सुतकाच्या घरी काय टाकणार? सुमिएनं पेटी उघडून पाहिली. रिकामी होती. तिला जे हवं होतं ते अखेर मिळालं होतं, आणि ते फारसं मोठं दिसत नव्हतं.

मग आत फोन वाजायला लागला. शहरभर मासा पोचला होता.

"हो, मीच," कात्सुहिकोचा आवाज येत होता. आता तो फोनवर बोलत होता, आणि जरा ऐटीतच. "हो, हयात आहे. नाही, मुळीच त्रास नाही. मासा? मासा खाल्ला आम्ही."

हात्सुयो रश्शातली मोची फोडून आत पुरण निघाल्याबद्दल मनातल्या मनात ताकामात्सुला नावं ठेवत होती. तिनं मान वर केली. "मलाही घातलंयस का गं असलं पत्र?"

"घातलंय. आज पोचलं असेल तुझ्याकडे."

"काय लिहिलंयस खाली?"

"घरी गेल्यावर वाच."

"सांग की."

सुमिएनं चहा ओतला. ओतून झाल्यावरही किटली धरूनच राहिली. "दुसरं काय लिहिणार? या वर्षी नक्की भेटू."

हात्सुयोनं भिंतीवरच्या कोऱ्या कॅलेंडरकडे पाहिलं. पहिलंच पान होतं, आणि पानावरचा पहिलाच दिवस.

"ते तर झालं," ती म्हणाली. "आता उरलेलं वर्ष काय करायचं?"

"बस," सुमिए म्हणाली, आणि संत्र्यांची टोपली तिच्याकडे सरकवली. "सोल."